क्लिनिकल सायकॉलॉजिस्ट म्हणजे नेमकं कोण? एका पेशाच्या घडणीची गोष्ट

वाशी, नेरूळ, खारघर. नवी मुंबईतल्या कुठल्याही सेक्टरमध्ये दवाखान्यांच्या पाट्या वाचत गेलं, तर मनाशी संबंधित किमान चार-पाच प्रकारची माणसं सापडतात. मनोविकारतज्ज्ञ, क्लिनिकल सायकॉलॉजिस्ट, समुपदेशक, थेरपिस्ट आणि हल्ली ‘माइंड कोच’सुद्धा. मूल शाळेत मागे पडतंय म्हणून, किंवा घरातल्या कुणाची झोप उडाली आहे म्हणून जिना चढणाऱ्या माणसाला हे सगळे सारखेच वाटतात. कायद्याच्या नजरेत मात्र ते सारखे नाहीत.

मनोविकारतज्ज्ञ म्हणजे सायकिअ‍ॅट्रिस्ट. तो एमबीबीएस झालेला डॉक्टर असतो आणि औषधं लिहून देतो. क्लिनिकल सायकॉलॉजिस्ट डॉक्टर नसतो, औषधं देत नाही. तो मानसशास्त्रात एम.ए. किंवा एम.एस्सी. करून, त्यावर दोन वर्षं रुग्णालयात देखरेखीखाली प्रशिक्षण घेऊन तयार झालेला असतो. मानसिक चाचण्या घेणं, निदानाला मदत करणं आणि बोलण्यातून, वर्तनातल्या बदलांतून उपचार करणं हे त्याचं काम. समुपदेशकाला मात्र अशी एकच ठरलेली पायवाट नव्हती. कुणी दोन वर्षं शिकून आलेला असतो, कुणी दोन महिने.

पाठ्यपुस्तकात या पेशाला ‘चिकित्सा मानसशास्त्र’ म्हणतात, पण तोंडी रुळलं ते इंग्रजी नावच. या पेशाच्या इतिहासात एक गंमत आहे. उपचार करणारा म्हणून आज ओळखला जाणारा हा माणूस सुरुवातीची कित्येक वर्षं फक्त मोजणारा होता.

सुरुवात एका शुद्धलेखनाच्या अडचणीपासून

१८९६ साली अमेरिकेत पेनसिल्व्हेनिया विद्यापीठातल्या लाइटनर विटमर या मानसशास्त्रज्ञाकडे एका शिक्षिकेने आपला विद्यार्थी आणला. मुलगा बाकी हुशार होता, पण त्याला शब्दांची स्पेलिंगं काही केल्या जमत नव्हती. विटमरने त्याला तपासलं. त्याच्या नजरेतही दोष निघाला, तेव्हा चष्मा आला आणि त्यासोबत शिकवणीही आली. त्याच वर्षी विटमरने विद्यापीठात जगातलं पहिलं मानसशास्त्रीय क्लिनिक उघडलं आणि १९०७ मध्ये या कामाला ‘क्लिनिकल सायकॉलॉजी’ हे नाव दिलं. म्हणजे या पेशाचा पहिला ‘रुग्ण’ हा वेडाच्या इस्पितळातला नव्हता. तो शाळेत अडलेला मुलगा होता. पुढे भारतात जे घडलं ते समजायला ही गोष्ट लक्षात ठेवलेली बरी.

पुढची काही दशकं मानसशास्त्रज्ञाची ओळख चाचण्यांवरच उभी राहिली. १९०५ मध्ये पॅरिसला आल्फ्रेड बिने याने बुद्धिमापनाची कसोटी बनवली. पहिल्या महायुद्धात अमेरिकी सैन्याने भरतीसाठी अशाच कसोट्या लाखो जवानांना दिल्या. उपचार करणं हे डॉक्टरांचं काम मानलं जाई. दुसऱ्या महायुद्धानंतर मनाने खचून परतलेल्या सैनिकांची संख्या इतकी होती की डॉक्टर पुरेनात. तेव्हा कुठे मानसशास्त्रज्ञाला उपचाराच्या खोलीत रीतसर प्रवेश मिळाला. १९४९ मध्ये कोलोराडोतल्या बोल्डर इथे परिषद भरली आणि या लोकांना काय आणि किती शिकवायचं ते ठरलं.

नागपाडा, धारवाड, नागपूर

भारतात मानसशास्त्राचा पहिला स्वतंत्र विभाग कलकत्ता विद्यापीठात १९१६ च्या सुमारास नरेंद्रनाथ सेनगुप्ता यांनी सुरू केला. तिथलेच गिरींद्रशेखर बोस यांनी १९२२ मध्ये भारतीय मनोविश्लेषण संस्था स्थापन केली. हा भाग बहुतेक पुस्तकांत येतो. मराठी मुलखाचा वाटा मात्र सहसा दोन ओळींत उरकला जातो, आणि तो तेवढा लहान नाही.

१९३६ मध्ये मुंबईत नागपाड्याला सर दोराबजी टाटा ग्रॅज्युएट स्कूल ऑफ सोशल वर्क सुरू झालं. पुढे तेच टाटा समाजविज्ञान संस्था झालं. या संस्थेने १९३७ मध्ये बालमार्गदर्शन केंद्र काढलं. देशातलं अशा प्रकारचं ते पहिलं केंद्र मानलं जातं. अशा केंद्रांची कल्पना अमेरिकेतून आली होती. एकाच मुलाकडे मनोविकारतज्ज्ञ, मानसशास्त्रज्ञ आणि समाजकार्यकर्ता या तिघांनी मिळून बघायचं. पुढच्याच वर्षी जे. जे. रुग्णालयात डॉ. के. आर. मसानी यांनी मनोविकारांचा बाह्यरुग्ण विभाग सुरू केला. तोवर मानसिक आजार म्हटलं की ठाणे, येरवडा, रत्नागिरी किंवा नागपूरच्या मनोरुग्णालयाचं दार, एवढाच पर्याय लोकांना ठाऊक होता.

पण मुलाची बुद्धी मोजायची तर कशाने? बिनेची कसोटी फ्रेंच, तिची सुधारलेली आवृत्ती अमेरिकी. अशी कसोटी नुसती भाषांतरित करून चालत नाही. पॅरिसच्या आठ वर्षांच्या मुलाला सहज येणारा प्रश्न धारवाडच्या आठ वर्षांच्या मुलाला अवघड जाऊ शकतो, आणि त्याचं कारण बुद्धीत नसून घरात, शाळेत, भाषेत असू शकतं. म्हणून प्रत्येक प्रश्न इथल्या मुलांना विचारून, कोणत्या वयाची बहुतेक मुलं तो सोडवतात हे पाहून, नव्याने मांडावा लागतो. हे किचकट काम व्ही. व्ही. कामत यांनी तेव्हाच्या मुंबई इलाख्यातल्या धारवाड भागात केलं, तेही कन्नड आणि मराठी अशा दोन भाषांत. १९३४ ची ही कसोटी ‘बिने-कामत’ नावाने देशभर पोहोचली. १९४० मध्ये त्यावर त्यांचं पुस्तक आलं, १९६७ मध्ये त्याची चौथी आवृत्ती निघाली.

हिशेब साधा आहे. दहा वर्षांचं मूल सात वर्षांच्या मुलाइतकेच प्रश्न सोडवत असेल तर सात भागिले दहा, गुणिले शंभर. बुद्ध्यांक ७०.

दुसरं मोठं काम नागपूरचं. तिथल्या बालमार्गदर्शन केंद्रात ए. जे. मालिन यांनी वेक्सलरची मुलांसाठीची बुद्धिमापन कसोटी भारतीय मुलांसाठी बेतली. १९६९ ची ही कसोटी त्यांच्याच नावाने ओळखली जाते. व्हाइनलँड ही सामाजिक परिपक्वतेची मोजपट्टीही त्यांनी इथल्या घरांना लागू पडेल अशी केली. यात मुलाला कोडी घालत नाहीत. आईवडिलांना विचारतात की ते स्वतःच्या हाताने जेवतं का, बटणं लावतं का, एकटं दुकानात जाऊन येतं का. देशभरातले मानसशास्त्रज्ञ तिला आजही ‘नागपूर रूपांतर’ म्हणून ओळखतात.

या आकड्यांवर काय अवलंबून असतं? २०१८ मध्ये केंद्राने काढलेल्या मार्गदर्शक सूचनांत बौद्धिक अक्षमतेचं प्रमाण ठरवायला व्हाइनलँडचे गुण आधार म्हणून घेतले गेले. गुण ५५ ते ६९ असतील तर अक्षमता ५० टक्के. ७० ते ८४ असतील तर २५ टक्के. आणि बहुतेक सरकारी लाभांची रेघ ४० टक्क्यांवर आहे. म्हणजे ६९ आणि ७० या दोन आकड्यांमध्ये एका कुटुंबाची पेन्शन, प्रवास सवलत आणि आरक्षण असं बरंच काही अडकलेलं असतं. चाचणी कुणी घेतली, कोणत्या भाषेत घेतली, मूल त्या दिवशी तापाने फणफणलेलं होतं का, हे प्रश्न म्हणूनच बारीकसारीक नसतात. शिवाय मोजपट्ट्या जुन्या होतात. पन्नास-साठ वर्षांपूर्वीच्या मुलांशी आजच्या मुलाची तुलना केली तर आकडा फुगून येण्याचा धोका असतो.

शाळेच्या बाजूनेही मागणी वाढली. महाराष्ट्र सरकारने १९९६ पासून अध्ययन अक्षमता असलेल्या मुलांना परीक्षेत रीतसर सवलती द्यायला सुरुवात केली. जादा वेळ, लेखनिक, शुद्धलेखनाच्या चुकांकडे काणाडोळा. त्यासाठी प्रमाणपत्र हवं आणि प्रमाणपत्रासाठी चाचणी हवी. विटमरकडे आलेल्या मुलासारखी मुलं शंभर वर्षांनी मुंबईच्या रुग्णालयांत रांगेत उभी राहिली.

आरोग्याचा पेशा, पुनर्वासाचा कायदा

प्रशिक्षणाचं चाक फिरलं ते भोर समितीमुळे. पुण्याच्या डेक्कन कॉलेजात शिकलेले सर जोसेफ भोर यांच्या समितीने १९४६ च्या अहवालात दाखवून दिलं की इंग्लंडमध्ये साधारण ३०० लोकांमागे मनोरुग्णालयात एक खाट आहे, तर भारतात ४०,००० मागे एक. माणसं तयार करायची तर संस्था हवी, म्हणून १९५४ मध्ये बंगळुरूला अखिल भारतीय मानसिक आरोग्य संस्था उभी राहिली. तीच आजची निम्हान्स. पुढच्या वर्षी तिथे वैद्यकीय मानसशास्त्राची दोन वर्षांची पदविका सुरू झाली, १९६२ मध्ये रांचीतही तसा अभ्यासक्रम आला. पुढे याच पदविकेचं एम.फिल. झालं. १९६८ मध्ये या लोकांची स्वतःची संघटना स्थापन झाली.

आता माणसं होती, अभ्यासक्रम होता, संघटनाही होती. कायदा मात्र नव्हता. १९८७ च्या मानसिक आरोग्य कायद्यात मनोविकारतज्ज्ञाची व्याख्या होती, क्लिनिकल सायकॉलॉजिस्टची नव्हती. त्याला कायदेशीर ओळख मिळाली ती भलत्याच दारातून. १९९२ च्या भारतीय पुनर्वास परिषद कायद्यात अपंगांसाठी काम करणाऱ्या व्यावसायिकांची यादी आहे. श्रवणतज्ज्ञ, कृत्रिम अवयव बनवणारे, विशेष शिक्षक यांच्यासोबत त्यात क्लिनिकल सायकॉलॉजिस्टही आला. कारण उघड आहे, बुद्ध्यांक मोजणारा माणूस तोच होता.

त्यामुळे नैराश्यावर उपचार करणाऱ्याची नोंदणी आरोग्य खात्याकडे नसते, सामाजिक न्याय मंत्रालयाखालच्या परिषदेकडे असते. खारघरला बौद्धिक अक्षमता असलेल्या व्यक्तींसाठीच्या राष्ट्रीय संस्थेचं प्रादेशिक केंद्र आहे, तेही याच मंत्रालयाचं. ही विभागणी विचित्र आहे, आणि तिचा फटका सामान्य माणसाला बसतो. आजारी माणूस पुनर्वास परिषदेच्या यादीत नाव शोधायला जाईल, हे कुणाला सुचणार?

२०१७ च्या मानसिक आरोग्य सेवा कायद्याने ही चूक बरीचशी दुरुस्त केली. २९ मे २०१८ पासून लागू झालेल्या या कायद्यात क्लिनिकल सायकॉलॉजिस्टची स्पष्ट व्याख्या आहे. पुनर्वास परिषदेने मान्य केलेली पात्रता, किंवा मानसशास्त्रातली पदव्युत्तर पदवी आणि त्यावर दोन वर्षांचं पूर्णवेळ एम.फिल. बाकीच्या मानसशास्त्रज्ञांना आणि समुपदेशकांना चौकटीत आणण्यासाठी २०२१ मध्ये संलग्न आरोग्य व्यावसायिकांचा वेगळा कायदा झाला.

आणि व्याख्या पक्की होते न होते तोच पदवीच हलली. यूजीसीने २०२२ च्या नियमावलीत एम.फिल. बंद केलं. या विषयापुरती सूट देऊन प्रवेशाची मुदत २०२५-२६ पर्यंत वाढवण्यात आली. दरम्यान पुनर्वास परिषदेने पदवी आणि पदव्युत्तर पातळीवर क्लिनिकल सायकॉलॉजीचे नवे अभ्यासक्रम आखले. जागा वाढतील हा त्याचा फायदा. रुग्णांसमोर देखरेखीखाली घालवलेले तास कमी होऊ नयेत, ही काळजीही तितकीच रास्त आहे. माणसं कमी आहेत हे तर खरंच. निम्हान्सने २०१५-१६ मध्ये १२ राज्यांत केलेल्या राष्ट्रीय पाहणीत प्रौढांपैकी सुमारे १०.६ टक्के लोकांना त्या वेळी कुठला ना कुठला मानसिक आजार असल्याचं दिसलं. त्यातल्या बहुसंख्यांपर्यंत उपचार पोहोचलेच नव्हते.

पाटी वाचून जिना चढणाऱ्याने काय बघावं? क्लिनिकल सायकॉलॉजिस्टकडे पुनर्वास परिषदेचा नोंदणी क्रमांक असतो, त्याला सीआरआर नंबर म्हणतात. तो विचारण्यात संकोच करण्यासारखं काही नाही, आणि परिषदेच्या संकेतस्थळावर तो पडताळता येतो. नोंदणी नसताना असा व्यवसाय करणाऱ्याला कायद्यात एक वर्षापर्यंत कैद किंवा एक हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही, अशी तरतूद आहे. मुलाची चाचणी करून घेतली असेल तर अहवालावर कसोटीचं नाव, ती कोणत्या भाषेत घेतली ते, तारीख आणि हा क्रमांक असायला हवा. नुसता आकडा लिहिलेला कागद पुरेसा नाही. रात्री-अपरात्री कुणाशी तरी बोलायची गरज पडली तर सरकारची टेली-मानस ही मोफत सेवा १४४१६ या क्रमांकावर आहे.