एकच टिक

३ जून २०२० च्या दुपारी निसर्ग चक्रीवादळ ताशी ११०-१२० किलोमीटर वेगाने अलिबागच्या दक्षिणेला धडकलं. श्रीवर्धन, दिवेआगरच्या नारळी-पोफळीच्या वाड्या आडव्या झाल्या, विजेचे खांब पडले आणि मोबाईलचे टॉवर बंद पडले. वीज गेली की टॉवर काही तास बॅटरीवर तगतो. पुढे डिझेल लागतं, आणि रस्त्यांवर तर झाडं पडलेली. मुंबईच्या चाळीत, दुबई-कुवेतमध्ये, गावी पाठवलेल्या व्हॉट्सॲप मेसेजपुढे एकच करडी टिक. म्हणजे मेसेज सर्व्हरपर्यंत गेला, आईच्या फोनपर्यंत नाही. त्यात कोरोनाची टाळेबंदी, एसटी पकडून गाव गाठायचीही सोय नव्हती.

एरवी त्याच फोनवर रोज सकाळी गुलाबाच्या चित्रासह 'शुभ सकाळ' येतं. शिकलेली माणसं त्याला नावं ठेवतात, हा मला अन्याय वाटतो. मानवशास्त्रज्ञ ब्रोनिस्लाव मालिनोव्स्की प्रशांत महासागरातल्या ट्रोब्रिआंड बेटांवर राहिले होते. माणसं पुष्कळदा काही सांगायला नव्हे, तर नातं टिकवायला बोलतात, असं त्यांनी १९२३ मध्ये मांडलं. 'काय, जेवलास का?' हे विचारणाऱ्याला जेवणाचा तपशील थोडाच हवा असतो! उत्क्रांतीचे अभ्यासक रॉबिन डनबार आणखी मागे जातात. माकडं एकमेकांच्या अंगावरच्या उवा वेचून जवळीक राखतात. माणसांचे गट वाढले, तेवढा वेळ पुरेना, तेव्हा ते काम गप्पांकडे आलं, असा त्यांचा सिद्धान्त.

पूर्वी चाकरमानी गणपतीला आणि शिमग्याला गावकरी व्हायचा. आता पालखी कुणाच्या दारात आली, कुणाची होडी बंदराला लागली, कुणाचं दहावं कधी, हे त्याला गावच्या व्हॉट्सॲप ग्रुपवरून लोकलमध्ये उभ्या उभ्या कळतं. मुंबईत जन्मलेली मुलंही भावकी नावानिशी ओळखतात. ग्रुपवर नसलेली म्हातारी माणसं मात्र या फोनमधल्या गावातून नकळत वगळली जातात.

पण नाती सांभाळण्याची मनाची कुवत फोनने वाढलेली नाही. डनबार यांनी २०१६ मध्ये ब्रिटनमधल्या तीन हजारांहून अधिक लोकांची पाहणी प्रसिद्ध केली. फेसबुकवर सरासरी दीडशे ते एकशेऐंशीच्या आसपास मित्र, पण अडीअडचणीला हाक मारावी असे जेमतेम चार. वादळाच्या रात्री शोध असतो तो या चौघांचाच.

त्यांच्यापर्यंत हाक पोचायची तर वीज आणि टॉवर टिकायला हवेत. अलिबागमध्ये वीजवाहिन्या जमिनीखाली घालण्याचं काम हाती घेतलं गेलं. मुरूड, श्रीवर्धनलाही ते हवं. आणि वादळाआधी निवारे, बोटी तपासतात, तसा प्रत्येक टॉवरच्या डिझेलचा साठाही तपासायला हवा.