विनोदी गाण्यामागची साधना

वडोदरा हे विद्येला आश्रय देणारे शहर म्हणून महाराष्ट्राला परिचित आहे. सयाजीराव महाराजांच्या कारकिर्दीत, १८८६ साली, मौलाबक्ष यांच्या देखरेखीखाली तेथे गायनशाळा सुरू झाली. १८९० मध्ये कलाभवन निघाले आणि पुढे ‘राजा हरिश्चंद्र’ निर्माण करणाऱ्या दादासाहेब फाळके यांनी छायाचित्रणाचे धडे तेथेच गिरवले. पाली भाषेचे प्राध्यापक चिंतामण विनायक जोशी यांनी चिमणराव व गुंड्याभाऊ यांच्या कथा लिहिल्या, त्याही याच नगरीत अध्यापन करीत असताना. सूर, चित्र आणि विनोद या तिन्हींची तेथे स्वतंत्रपणे जोपासना झाली. विनोदी रॉक गाण्याच्या चित्रफितीत या तिन्ही एकत्र येतात. म्हणून तिचा विचार वडोदऱ्यापासून आरंभणे अप्रस्तुत ठरू नये.

अशी चित्रफीत म्हणजे निव्वळ पोरखेळ, असा पुष्कळांचा समज आहे. वस्तुतः तिची रचना मोठी काटेकोर असते. गाणे प्रथम ध्वनिमुद्रित होते. चित्रणाच्या वेळी तेच वाजवले जाते व गायक त्याबरहुकूम ओठ हलवतात. ताल आधीच ठरून गेलेला असल्यामुळे विनोदाचे स्थानही ठरून जाते. झांजेचा आघात होईल त्याच क्षणी नटाने घसरून पडले पाहिजे. क्षणभर उशीर झाला की हसू ओसरते. शिवाय गाणाऱ्याने स्वतः हसून चालत नाही. तो जितका गंभीर, तितका प्रेक्षक हसतो. चिमणरावाचे हसे होते तेही तो स्वतःला मोठा शहाणा समजतो म्हणूनच.

अमेरिकेतील ‘वीअर्ड अल’ यांकोविक यांचे १९८४ चे ‘ईट इट’ हे या कलेचे ठळक उदाहरण होय. मायकेल जॅक्सन यांच्या ‘बीट इट’ या गाजलेल्या गाण्याचे ते विडंबन. मूळ चित्रफितीतील टोळ्यांच्या भांडणाचे प्रसंग त्यात हुबेहूब उचललेले आहेत. मात्र शब्द आहेत ते पंगतीतल्या आग्रहासारखे, खाण्यासाठी मागे लागणारे. नक्कल इतकी तंतोतंत नसती, तर तिच्यातील गंमत कोणाच्या ध्यानीही आली नसती.

आपल्याकडे ही परंपरा चित्रपटातून आली. १९५७ च्या ‘आशा’ या चित्रपटातील ‘ईना मीना डीका’ हे गाणे पाहावे. मुलांच्या खेळातील निरर्थक बोलांवरून ते सुचले, असे सांगतात. रॉक अँड रोलचा वेग, किशोरकुमार यांचा गळा आणि त्यांचेच अंगविक्षेप यांमुळे ते अविस्मरणीय झाले. त्याचे संगीतकार होते सी. रामचंद्र, म्हणजे पुणतांब्याचे रामचंद्र चितळकर. त्यांनी पुण्याच्या गांधर्व महाविद्यालयात विनायकबुवा पटवर्धन यांच्याकडे गायनाचे शिक्षण घेतले होते. १९५१ च्या ‘अलबेला’त भगवानदादांच्या मिस्किल नृत्याला त्यांनीच ठेका पुरवला. पुढे १९६३ च्या जानेवारीत दिल्लीत लता मंगेशकरांनी ‘ऐ मेरे वतन के लोगो’ गाऊन श्रोत्यांच्या डोळ्यांत पाणी आणले. त्या गीताची चालही चितळकरांचीच. हसवणारा हात आणि रडवणारा हात एकच होता.

अलीकडच्या काळातही हेच दिसते. मुंबईच्या ‘वर्कशॉप’ या विनोदी रॉक वाद्यवृंदाचा ‘खूनी मुर्गा’ हा गीतसंग्रह २००९ मध्ये प्रसिद्ध झाला. त्याचे गायक साहिल मखिजा हे ‘डेमोनिक रेझरेक्शन’ या अत्यंत गंभीर वृत्तीच्या वाद्यवृंदाचेही गायक. ज्याला एखादी शैली मनापासून येते, त्यालाच तिची थट्टा साधते.

आज चित्रफीत काढण्यास स्टुडिओ लागत नाही. खिशातला मोबाइल पुरतो. साधन सुलभ झाले, पण साधना सुलभ झाली नाही. वडोदऱ्याची ती गायनशाळा आज महाराजा सयाजीराव विद्यापीठाच्या संगीत-नाट्य विद्याशाखेच्या रूपाने नांदत आहे. तेथील एखाद्या विद्यार्थ्याला हसवणारे गाणे रचावेसे वाटले, तर गुरुजनांनी त्याला दटावू नये. प्रथम डोळे मिटून ते गाणे ऐकावे. नुसत्या कानांनाही ते सुरेल वाटले, तर मग खुशाल डोळे उघडावे आणि पोटभर हसावे.