शरीरांतील उलट निरोप

पाटावरून एकदम उठतांना पुष्कळांच्या डोळ्यांपुढें क्षणभर अंधारी येते आणि लगेच नाहींशी होते. ती येते कां, यापेक्षां ती जाते कां, हा प्रश्न अधिक विचार करण्याजोगा आहे. मनुष्य उभा राहतांच सुमारें अर्धा लिटर किंवा त्याहूनहि अधिक रक्त पोट व पाय यांकडे ओसरतें. मेंदूस रक्त अपुरें पडावें असाच हा प्रसंग. परंतु मानेंतील धमनीच्या फांट्याशीं आणि हृदयाजवळील महाधमनीच्या कमानींत रक्ताचा दाब जाणणारे तंतु पहाऱ्यावर असतात. दाब उतरल्याची वार्ता ते मेंदूच्या तळाशीं असलेल्या केंद्रास पोंचवितात. हृदय जलद चालूं लागतें, रक्तवाहिन्या आकुंचन पावतात आणि दाब पूर्ववत् होतो. दाब फाजील वाढला तर नेमकें याच्या उलट घडतें.

केलेल्या कार्याची वार्ता कर्त्याकडे परत यावी आणि तिला अनुसरून त्यानें आपला हात आंखडता किंवा सैल करावा, या व्यवस्थेस इंग्रजींत फीडबॅक म्हणतात. आपण तिला ‘उलट निरोप’ म्हणूं. भात उतूं जाऊं लागला कीं गृहिणी चुलींतील लाकूड मागें ओढते, आधण मंदावलें कीं पुढें सारते, तसेंच हें. फ्रान्सच्या क्लोद बर्नार यांनीं एकोणिसाव्या शतकांत शरीराच्या आंतील स्थितीच्या स्थैर्याचा सिद्धांत मांडला. अमेरिकेंतील वॉल्टर कॅनन यांनीं त्यास होमिओस्टॅसिस हें नांव दिलें आणि 1932 सालीं त्यावर ग्रंथ लिहिला. दोषसाम्य म्हणजे आरोग्य, हें आपल्या आयुर्वेदानें फार पूर्वींच म्हटलें आहे, असें येथें कोणी सुचवील. विचारांत साम्य आहे खरें. तथापि कोणता निरोप कोणत्या तंतूनें जातो, हें कळण्यास प्रयोगच करावे लागले. पूर्वजांच्या गौरवास जें खरें आहे तेवढें पुरेसें आहे.

सर्वच निरोप आवरणारे नसतात. प्रसूतींत गर्भाशयमुखावर ताण पडला कीं ऑक्सिटोसिन अधिक स्रवतें, त्यानें कळा वाढतात आणि कळांनीं ताण आणखी वाढतो. मूल जन्मास आलें कीं हें चक्र थांबतें. थांबण्याची सोय नसलेलें चक्र मात्र प्राणावर बेततें, आणि त्याचा अभ्यास आपल्या कोंकणांतच झालेला आहे.

आमच्या पालेगांवाकडे काय किंवा खालीं महाडकडे काय, ‘विंचू चढला’, ‘विंचू उतरला’ हे शब्द सर्वांच्या परिचयाचे. पुष्कळ दंशांत केवळ वेदना होतात व त्या कालांतरानें आपोआप शमतात. त्याचें श्रेय मांत्रिकाच्या पदरीं पडत आलें. काळा, थोराड विंचू दिसण्यास भयंकर; परंतु प्राणघातक असतो तो बहुधा लहानसा तांबडा. त्याचें विष मज्जातंतूंतील सोडियमचीं सूक्ष्म द्वारें मिटूं देत नाहीं. त्यामुळें ॲड्रिनलीन व तिच्या वर्गांतील द्रव्यांचा लोट रक्तांत येतो. ओकारी होते, घामानें अंग निथळतें, हातपाय गार पडतात. दाब वाढल्याचा निरोप मानेंतून निघतोच, पण या कोलाहलांत तो मानतो कोण? आकुंचित वाहिन्यांविरुद्ध रक्त ढकलतां ढकलतां हृदय थकतें, फुफ्फुसांत पाणी भरतें. स्वादुपिंडांतून इन्शुलिन येणेंहि दबतें, म्हणून हृदयाचें पोषण आणखी बिघडतें.

डॉ. हिम्मतराव बावस्कर हे 1976 सालीं महाडजवळील बिरवाडीच्या प्राथमिक आरोग्य केंद्रांत रुजू झाले. विंचवाच्या वेदनेपेक्षां हृदयाकडे लक्ष द्यावें, हें त्यांनीं रुग्णांशेजारीं बसून ओळखलें. पुढें त्यांनीं व त्यांच्या पत्नी डॉ. प्रमोदिनी बावस्कर यांनीं प्राझोसिन या रक्तदाबावरील औषधाचा उपयोग केला आणि 1986 सालीं ‘लॅन्सेट’मध्यें तो प्रसिद्ध झाला. हें औषध वाहिन्यांवरील ॲड्रिनलीनची पकड सोडवितें; वाहिन्या सैल होतात, हृदयाचा भार उतरतो व इन्शुलिनचीहि वाट मोकळी होते. शिवाय तें पोटांत घ्यावयाची गोळी आहे, ही खेड्यापाड्यांत लहान गोष्ट नव्हे. पूर्वीं गंभीर दंशाचे शेकडा 30 च्या आसपास रोगी दगावत. तें प्रमाण शेकडा 1 च्या आसपास आलें.

मात्र या औषधानें आणखी एक गोष्ट होते. उभें राहिल्यावर वाहिन्या आवळण्याची जी नित्याची सोय, तीहि त्यानें अडते. म्हणून रोग्यास निजवूनच ठेवावें लागतें, आणि रोगी मूल असल्यास आईनें त्यास उचलून कडेवर घ्यावयाचें नसतें. रक्तदाबाच्या कित्येक गोळ्या घेणाऱ्या घरांतील वडीलधाऱ्यांनींहि अंथरुणावर अंमळ बसून मगच उठावें, असें डॉक्टर सांगतात त्याचें कारण हेंच.

रक्तांत आधींच आलेल्या ॲड्रिनलीनवर विंचवाच्या विषाची लस चालत नाहीं; ती नुसतें विष बांधते. दोन्ही एकत्र दिल्यास काय होतें, हें बावस्कर दांपत्यानें महाड येथें 70 रोग्यांवर पाहिलें आणि 2011 सालीं ‘ब्रिटिश मेडिकल जर्नल’मध्यें छापलें. नुसत्या प्राझोसिननें 10 तासांत पूर्ण बरे झाले ते 35 पैकीं 8; लसीची जोड दिली तेव्हां 35 पैकीं 32.