मदनूरचा टॉवर आणि देगलूरचं रोमिंग

देगलूर तालुक्यात 'सर्कल' म्हटलं की माणसाला आधी जिल्हा परिषदेचं सर्कल आठवतं, नाहीतर पंचनाम्याला येणारे सर्कलसाहेब. तिसरंही एक सर्कल आहे. ते सातबाऱ्यावर नाही, मतदारयादीत नाही, पण खिशातल्या मोबाईलवर अंमल त्याचाच चालतो. हैदराबाद रस्त्यानं तेलंगणातल्या मदनूरकडे निघालं की हद्दीची पाटी दिसायच्या आत फोन थरथरतो आणि शेजारच्या राज्यात तुमचं स्वागत झाल्याचा मेसेज येतो. हणेगावकडे गेलात तर तोच मान कर्नाटक देतं. मग हॉटेलातल्या बाकड्यावर सुरू होतं: पैसे कटले असतील, टॉवर त्यांचा म्हणून आपल्याला रेंज देत नाहीत, कलेक्टरला निवेदन द्या, ट्रायकडे (दूरसंचार नियामकाकडे) तक्रार ठोका. यातला राग बहुतेक वेळा खरा असतो, दार मात्र चुकीचं ठोठावलेलं असतं.

'घरात बसून रोमिंग लागतं, म्हणजे आपल्याच गावात आपण परके' ही भावना समजण्यासारखी आहे. पण फोनला राज्य कळत नाही, त्याला टेलिकॉम सर्कल कळतं. दूरसंचार खात्याच्या हिशेबात देशाचे २२ भाग आहेत आणि ते राज्यांच्या नकाशाशी जुळतातच असं नाही. महाराष्ट्र सर्कलमध्ये गोवा आहे, पण मुंबई नाही. मुंबईचं सर्कल वेगळं. तेलंगणा २ जून २०१४ रोजी स्वतंत्र राज्य झालं, तरी त्याला स्वतःचं सर्कल मिळालेलं नाही. ते आंध्र प्रदेश सर्कलमध्येच आहे. मदनूरला उभं राहून फोनवर 'आंध्र प्रदेश' वाचलं तर फोन बिघडलेला नाही. स्पेक्ट्रमचा लिलावही सर्कलनिहाय होतो. त्यामुळे एकाच कंपनीचा एक टॉवर देगलूरला आणि दुसरा मदनूरला असला तरी दोन्हींचा कारभार वेगळ्या सर्कलच्या परवानगीवर चालतो. लहरींना हद्दीची पाटी वाचता येत नाही. शिवारात ज्याचा सिग्नल जोरदार, त्याला फोन चिकटतो.

देगलूरला सर्कलचा हा खेळ नवा नाही. १९५६ च्या राज्य पुनर्रचना कायद्यानं नांदेड जिल्हा मुंबई राज्यात घातला, तो देगलूर तालुक्यातली बिचकुंदा आणि जुक्कल ही दोन सर्कलं वगळून. ती आंध्राकडे गेली; आज तेलंगणाच्या कामारेड्डी जिल्ह्यात आहेत. म्हणजे ज्या टॉवरांना आपण 'त्यांचे' म्हणतो, त्यातला एखादा आपल्या पणजोबांच्या तालुक्यातच उभा असायचा.

पैशांचं काय? इथे दोन उलटे गैरसमज एकत्र नांदतात. जुनी माणसं रोमिंग दिसलं की फोन उचलत नाहीत. तरुण म्हणतात, सरकारनं रोमिंग कायद्यानं बंद केलं. दोन्ही चूक. २०१२ च्या राष्ट्रीय दूरसंचार धोरणात देशभर मोफत रोमिंगचं स्वप्न लिहिलं होतं, पण ट्रायनं केलं एवढंच की दराला छत घातलं. मे २०१५ पासून रोमिंगमध्ये येणाऱ्या कॉलला मिनिटाला जास्तीत जास्त ४५ पैसे, जाणाऱ्या स्थानिक कॉलला ८० पैसे आणि एसटीडीला १ रुपया १५ पैसे. फुकट झालं ते स्पर्धेमुळे. बीएसएनएलनं जून २०१५ पासून येणारे कॉल मोफत केले, सप्टेंबर २०१६ मध्ये जिओ आलं आणि पुढच्या एप्रिलपासून एअरटेलनंही देशांतर्गत रोमिंगचा वेगळा आकार सोडला. तेव्हा आजच्या नेहमीच्या पॅकवर मदनूरचा टॉवर पकडला म्हणून पैसे कटत नाहीत. ही सवलत मात्र कंपनीच्या प्लॅनचा भाग आहे, कायद्यानं दिलेला हक्क नाही; प्लॅन घेताना बारीक अक्षरं वाचलेली बरी.

हैदराबादला कामाला गेलेल्या पोरानं नंबर बदलायचीही गरज नाही. ३ जुलै २०१५ पासून एका सर्कलचा नंबर दुसऱ्या सर्कलमध्ये पोर्ट करता येतो.

आता निवेदनाचं. 'कलेक्टरनं मनावर घेतलं तर टॉवर येतो' असं आपण धरून चालतो. कलेक्टर जागेच्या परवानगीची अडचण सोडवू शकतात, कंपनीला टॉवर उभारायला भाग पाडू शकत नाहीत. प्रत्येक गावात टॉवर हवाच, असं बंधन खासगी कंपनीवर नाही. जिथे धंदा बसत नाही तिथल्यासाठी कंपन्यांच्या समायोजित महसुलातले ५ टक्के एका निधीत जातात. त्याचं पूर्वीचं नाव यूएसओ फंड. २०२३ च्या दूरसंचार कायद्यानं त्याला 'डिजिटल भारत निधी' केलं. निवेदन लिहायचंच तर त्यात या निधीचा उल्लेख हवा. आणि कंपनी बदलण्याआधी दुकानदाराच्या शब्दावर जाऊ नका: १ ऑक्टोबर २०२४ पासून लागू झालेल्या ट्रायच्या नियमांनुसार कंपन्यांना आपल्या वेबसाइटवर कव्हरेजचा नकाशा टाकावा लागतो.

टॉवरच्या नावानं दुसरंच पीकही निघतं. 'तुमच्या शेतात टॉवर मंजूर झाला, महिना एवढं भाडं, एवढा ॲडव्हान्स, फक्त आधी ट्रायच्या एनओसीची फी भरा.' ट्राय टॉवरसाठी एनओसी देतच नाही. दूरसंचार विभागही शेतकऱ्याकडून कसलीही फी किंवा कर घेत नाही. भाडं कंपनीनं तुम्हाला द्यायचं असतं. व्यवहार उलट्या दिशेनं सुरू झाला की तो खोटा. शिक्का, राजमुद्रा, इंग्रजी पत्र, सगळं असतं त्यात. ते बघून भुलू नये. (टॉवरच्या किरणांची भीती घालणारेही भेटतात. भारतानं १ सप्टेंबर २०१२ पासून आंतरराष्ट्रीय मर्यादेच्या एक दशांश एवढीच मर्यादा ठेवली आहे.)

'ट्रायकडे तक्रार करतो' ही धमकी दुकानात फार ऐकू येते. कंपनीचा माणूस ती ऐकून घाबरत नाही, कारण त्याला माहीत असतं: १९९७ मध्ये स्थापन झालेलं ट्राय नियम करतं, एकेका ग्राहकाची तक्रार सोडवत नाही. रस्ता वेगळा आहे. आधी कंपनीच्या तक्रार केंद्राला १९८ वर फोन, आणि मिळालेला डॉकेट नंबर कागदावर लिहून ठेवायचा. समाधान झालं नाही तर ३० दिवसांच्या आत त्याच कंपनीच्या अपील प्राधिकाऱ्याकडे जायचं. त्यानं ३९ दिवसांत निकाल द्यायचा असतो. पुढे ग्राहक आयोग. इथे वकीलमंडळींतही एक जुना समज टिकून आहे की टेलिफोनचा वाद ग्राहक आयोगात चालत नाही. त्याला कारण आहे: टेलिग्राफ कायद्यातल्या लवादाच्या कलमावर बोट ठेवून सर्वोच्च न्यायालयानं २००९ मध्ये तसं म्हटलं होतं. पण १६ फेब्रुवारी २०२२ रोजी व्होडाफोन आयडियाच्या प्रकरणात त्याच न्यायालयानं आयोगाचं दार ग्राहकाला खुलं असल्याचं सांगितलं, आणि २०२३ च्या कायद्यातही ग्राहक संरक्षण कायद्याचा मार्ग शाबूत ठेवला आहे. कंपनीचं ऑफिस मुंबईला असेना, २०१९ च्या ग्राहक कायद्यानुसार तुम्ही राहता त्या जिल्ह्यात, म्हणजे नांदेडला, दावा लावता येतो. सेवेसाठी मोजलेली रक्कम ५ लाखांपर्यंत असेल तर फी नाही. वकीलही सक्तीचा नाही. डॉकेट नंबर नसेल तर मात्र सगळं हवेत.

रिचार्ज महागलं की सरकारला शिव्या बसतात. जुलै २०२४ मध्ये कंपन्यांनी दर वाढवले तेव्हाही बसल्या. बहुतेक प्लॅनचे दर कंपन्याच ठरवतात आणि ट्रायला कळवतात. पण 'नेट घेतल्याशिवाय रिचार्जच नाही' हे आता खरं नाही. साधा बटणाचा फोन वापरणाऱ्या आजीसाठी फक्त कॉल आणि एसएमएसचं व्हाउचर ठेवायला ट्रायनं डिसेंबर २०२४ मध्ये कंपन्यांना भाग पाडलं आणि अशा खास व्हाउचरची मुदत ९० दिवसांवरून ३६५ दिवसांपर्यंत नेली. दुकानदार ते आपणहून दाखवत नाही, मागावं लागतं.

नऊपेक्षा जास्त सिम असली की तुरुंग, असा मेसेज फिरतो. तुरुंग त्यासाठी नाही. मर्यादेबाहेरच्या सिमला पहिल्यांदा ५० हजारांपर्यंत, पुन्हा झालं तर २ लाखांपर्यंत दंड आहे. फसवून, दुसऱ्याची ओळख वापरून सिम घेतलं तर ३ वर्षांपर्यंत कैद. आपल्या नावावर किती सिम निघाली हे सरकारच्या 'संचार साथी' पोर्टलवर पाहता येतं.

राहिलं नेटबंदीचं. गावात तणाव झाला, जमावबंदी लागली की 'कलेक्टरनं नेट बंद केलं' म्हणतात. जमावबंदी स्थानिक दंडाधिकारी लावतात. नेट बंद करण्याचा आदेश राज्याच्या गृहसचिवांचा लागतो, अगदीच अडचण असेल तर त्यांनी नेमलेल्या सहसचिव दर्जाच्या अधिकाऱ्याचा. जानेवारी २०२० मध्ये अनुराधा भसीन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं असे आदेश लोकांसाठी जाहीर करायला सांगितलं. नोव्हेंबर २०२४ च्या नियमांत तेच आलं, शिवाय कारण लेखी हवं, भाग नेमका हवा, एक आदेश १५ दिवसांपलीकडे नाही. आणि बंदी टॉवरवर बसते, माणसावर नाही. देगलूरचे टॉवर मुके झाले तरी शिवाराच्या पूर्व टोकाला, बांधावर उभं राहून मदनूरचं नेट पकडणारा कुणीतरी निघतोच.