मूकपटांतील टायपिस्ट आणि टेलिफोन गर्ल

कामाच्या जागी होणारी नकोशी सलगी हा मूकपटांच्या विनोदाचा जुना विषय आहे. अमेरिकेत एडविन पोर्टर यांनी १९०३ मध्ये एडिसन कंपनीसाठी ‘द गे शू क्लार्क’ हा मिनिटभराचा चित्रपट केला. जोडे दाखवणारा विक्रेता गिऱ्हाईक तरुणीचा घोटा पाहून भान हरपतो, तिचे चुंबन घेतो आणि तिच्या सोबतिणीच्या छत्रीचा मार खातो. तरुणीची हरकत दिसत नाही. चिडते ती सोबतीण. चार्ली चॅप्लिनच्या ‘बिहाइंड द स्क्रीन’मध्ये (१९१६) नायिकेला स्टुडिओत नोकरी मिळवायला मुलाचा वेश घ्यावा लागतो. या विनोदात फजिती पुरुषाची होते खरी, पण बाईच्या मनाची विचारपूस क्वचितच होते.

मुंबईत आधी अडचण होती ती पडद्यावर स्त्री आणण्याचीच. दादासाहेब फाळके यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये (१९१३) राणी तारामतीची भूमिका साळुंके या पुरुष नटाने केली. फाळके यांच्या पुढच्याच ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि कमलाबाई गोखले आल्या. नोकरदार तरुणी नायिका व्हायला मात्र आणखी बारा-तेरा वर्षे गेली. कोहिनूर कंपनीने १९२६ मध्ये होमी मास्टर यांचा ‘टेलिफोन गर्ल’ आणि चंदुलाल शहा यांचा ‘टायपिस्ट गर्ल’ काढला. दुसरा अवघ्या सतरा दिवसांत पुरा झाल्याचे सांगतात.

दोन्हींची नायिका सुलोचना, म्हणजे १९०७ साली पुण्यात जन्मलेल्या रूबी मायर्स. त्या स्वतः टेलिफोन ऑपरेटर होत्या. कोहिनूरचे मोहन भवनानी यांनी चित्रपटात येण्याविषयी विचारले तेव्हा त्यांनी आधी नकार दिला होता. सिनेमात काम करणे तेव्हा प्रतिष्ठेचे नव्हतेच. पडद्यावरच्या ऑपरेटर मुलीला प्रेक्षकांनी डोक्यावर घेतले, तरी खऱ्या नोकरदार मुलीकडे समाज संशयानेच पाही.

अशा चित्रपटांना मुंबईबाहेरही वाट मोकळी होती. १९१८ च्या कायद्यानुसार मुंबईच्या सेन्सॉर मंडळाचे प्रमाणपत्र साऱ्या ब्रिटिश हिंदुस्थानात चाले. त्यामुळे असा चित्रपट मध्य प्रांतातल्या बालाघाटसारख्या जिल्ह्यातही दाखवता येई. तो थांबवण्याचा अधिकार मात्र जिल्हा मॅजिस्ट्रेटला होता.

१९३१ मध्ये ‘आलम आरा’ आला आणि मूकपट मागे पडले. हिंदुस्थानीवर पकड नसल्याने सुलोचनांना बोलपटासाठी भाषा शिकावी लागली. १९७३ चा दादासाहेब फाळके पुरस्कार त्यांना मिळाला. त्या काळच्या तेराशेच्या आसपास मूकपटांपैकी फारच थोडे उरले आहेत, त्यामुळे मुंबईच्या टायपिस्टने साहेबाला काही उत्तर दिले का, ते आज पडद्यावर पाहता येत नाही.