मंच आणि पडदा : लेखांक ७
उलट वाटेने आलेल्या दुर्गाबाई

गेल्या आठवड्यात आपण बालगंधर्वांपाशी थांबलो होतो. आयुष्यभर शालू नेसून रंगभूमी गाजवलेला हा नट १९३५ साली प्रभात फिल्म कंपनीच्या ‘धर्मात्मा’त संत एकनाथ झाला. आधी नाटक, मग सिनेमा, हीच तेव्हाची वहिवाट. दुर्गा खोटे नेमक्या उलट दिशेने चालत आल्या, आणि त्यांच्या कारकिर्दीतला मला सर्वात मोलाचा वाटणारा भाग या उलट चालीतच आहे.

१९०५ साली मुंबईच्या सुखवस्तू लाड कुटुंबात जन्म, सेंट झेवियर्स कॉलेजात शिक्षण, लग्न होऊन खोट्यांच्या घरी. पुढे घरची आर्थिक घडी विस्कटली, पदरात दोन मुलगे होते, आणि त्यांनी १९३१ साली ‘फरेबी जाल’ या चित्रपटात छोटीशी भूमिका स्वीकारली. चित्रपट पडला. त्याहून जास्त लागले ते लोकांचे बोल. चांगल्या घरातली बाई तोंडाला रंग लावते म्हणजे काय, असा तो काळ. दुसरी एखादी घरात बसली असती. दुर्गाबाई प्रभातचं बोलावणं आल्यावर कोल्हापूरला गेल्या.

१९३२चा ‘अयोध्येचा राजा’ हा मराठीतला पहिला बोलपट. त्यातली तारामती उभी करणं म्हणजे काय होतं, ते समजून घेण्यासारखं आहे. पार्श्वगायन अजून यायचं होतं. नटीने गाणं कॅमेऱ्यासमोरच म्हणायचं, अभिनयही त्याच वेळी करायचा, आणि वाजवणारे साथीदार चौकटीबाहेर कुठेतरी दडलेले. सूर हलला की सगळं पुन्हा. त्यात चित्रपट मराठी आणि हिंदी असा दोन भाषांत निघाला, म्हणजे हरिश्चंद्र झालेल्या गोविंदराव टेंब्यांसमोर तेच दुःख दोनदा, दोन भाषांत भोगायचं. पहिल्या मोठ्या भूमिकेतच ही परीक्षा!

एका कंपनीला बांधून घेणं मात्र त्यांनी पत्करलं नाही. कलकत्त्याला जाऊन ‘राजरानी मीरा’ आणि ‘सीता’ केले, पुन्हा प्रभातकडे येऊन १९३६च्या ‘अमर ज्योती’त सौदामिनी झाल्या. बाईला न्याय नाकारणाऱ्या राज्याविरुद्ध समुद्रावर बंड पुकारणारी ही चाच्यांची म्होरकी. तारामतीचा सोशिकपणा आणि सौदामिनीचा संताप यांत अंतर अवघ्या चार वर्षांचं.

एवढं नाव झाल्यावर त्या नाटकात आल्या. गिरगावात केळेवाडीत मुंबई मराठी साहित्य संघाची उघड्यावरची रंगभूमी होती, डॉ. भालेरावांच्या ध्यासातून उभी राहिलेली. सिनेमात मायक्रोफोन तुमच्याजवळ येतो. इथे तुम्हाला शेवटच्या रांगेपर्यंत पोचावं लागतं. डोळ्यांतली हालचाल टिपायला कॅमेरा नसतो, वाक्य बिघडलं तर दुसरा टेक नसतो. तिथे त्या ‘भाऊबंदकी’त आनंदीबाई झाल्या, समोर राघोबा म्हणून नानासाहेब फाटक. नानासाहेबांच्या खणखणीत आवाजासमोर टिकणं ही नाटकात मुरलेल्यांचीही कसोटी होती. पुढे १९५४ साली शिरवाडकरांनी ‘मॅकबेथ’वरून ‘राजमुकुट’ लिहिलं, हर्बर्ट मार्शल यांनी ते बसवलं आणि तिथेही हीच जोडी होती. तेव्हा दुर्गाबाई पन्नाशीला टेकल्या होत्या. या वयात, नाव पणाला लावून, नव्या माध्यमात उतरणाऱ्या या बाईपुढे मी मनापासून हात जोडतो.

‘मुघल-ए-आझम’मधली जोधाबाई (१९६०) बघताना मला ही रंगभूमी आठवते. रणावर निघालेल्या अकबराच्या हाती तलवार द्यायची आहे, आणि ती चालणार आहे पोटच्या पोरावर. पृथ्वीराज कपूर गरजत असतात. दुर्गाबाई ताठ उभ्या राहतात आणि सगळी ओढाताण चेहऱ्यावर पेलतात. कॅमेऱ्याने शिकवलेला संयम आणि मंचाने दिलेला उभं राहण्याचा डौल, दोन्ही त्या क्षणी दिसतात.

नंतरचे मानसन्मान सर्वांना ठाऊक आहेत : ‘बिदाई’साठी फिल्मफेअर, १९८३चा दादासाहेब फाळके पुरस्कार. ‘मी, दुर्गा खोटे’ हे आत्मचरित्र मात्र अजून वाचलं नसेल तर जरूर मिळवा. त्यांच्या निर्मितीसंस्थेने दूरदर्शनसाठी केलेल्या ‘वागले की दुनिया’ मालिकेची आठवण अनेकांच्या घरात आजही निघते. १९९१ साली त्या गेल्या.

मुलगा हरीन त्यांच्या डोळ्यांदेखत, अकाली गेला होता. त्याची पत्नी विजया हिने मराठी रंगभूमीला ‘रंगायन’ ही नाट्यसंस्था दिली. पुढच्या आठवड्यात याच विजया, म्हणजे विजया मेहता.