ओव्हनचे आवाज आणि गृहिणीचा कान

स्वयंपाक डोळ्यांनीं व नाकानें जितका होतो, तितकाच तो कानांनींही होतो. मोहरी तडतडली कीं हिंग टाकावा, आधणाचा सूर बदलला कीं तांदूळ वैरावे, हें जुन्या गृहिणींस पाठमोरें राहूनही कळत असे. आतां कित्येक घरांत विजेचा ओव्हन आला आहे. परंतु त्याचा कोणता आवाज साधा व कोणता घातक, ही शिकवण आजीकडून मिळण्यासारखी नाहीं. ती मिळवावयास हवी, हें आम्हांस एका प्रसंगानें पटलें.

दिवाळीचे दिवस होते व नानकटाईची तिसरी थाळी ओव्हनमध्यें होती. थांबून थांबून बारीक चरचर दोन दिवस ऐकूं येत होती. कोणी म्हणे पत्रा तापतो, कोणी म्हणे सांडलेलें तूप जळतें. आमच्या वहिनींनीं मात्र कान देऊन सांगितलें कीं, आवाज ओव्हनचा नव्हेच, भिंतीकडून येतो. पाहतों तों सॉकेटची कड तपकिरी पडलेली! मुख्य खटका बंद करून वायरमनला बोलाविलें, तेव्हां आंतील तार सैल होऊन ठिणग्या पडत असल्याचें आढळलें. शिवाय तें सॉकेट 6 अँपिअरचें. 2000 वॅटचा ओव्हन 230 व्होल्टवर जवळजवळ 9 अँपिअर प्रवाह घेतो. त्यास 16 अँपिअरचेंच सॉकेट हवें. हा हिशेब ओव्हन आणला त्याच दिवशीं करावयाचा होता, हें आम्हीं मान्य करतों. मुलें त्याच भिंतीशीं खेळत होतीं.

प्रथम निरुपद्रवी आवाज पाहूं. धातु तापला कीं प्रसरण पावतो. 40 सेंटिमीटर लांबीची पोलादी थाळी 200 अंशांनीं तापली, तर ती सुमारें 1 मिलिमीटर वाढते. ती सर्व बाजूंनीं सारखी तापत नाहीं. म्हणून एकाएकीं वाकून ‘टण्’ असा आवाज होतो व निवतांना पुन्हां तसाच होतो. ठराविक वेळानें येणारें ‘टक्’ हें थर्मोस्टॅटचें होय; इच्छित उष्णता होतांच तो प्रवाह तोडतो व ओव्हन निवूं लागला कीं पुन्हां जोडतो. कांहीं ओव्हनांचा पंखा भाजणें संपल्यावरही फिरत राहतो. तो यंत्र निवविण्यासाठीं असतो. तो थांबेपर्यंत मुख्य खटका बंद करूं नये.

दुसरा वर्ग दुरुस्ती मागणाऱ्या आवाजांचा. पंख्याची खरखर बहुधा पातें जाळीस घासल्यानें किंवा स्क्रू सैल झाल्यानें होते. कर्कश किंचाळी बेअरिंग झिजल्याची खूण असते. त्यांत घरचें खोबरेल सोडण्याचा मोह टाळावा. मायक्रोवेव्हमध्यें तबकडी खडखडत असेल, तर खालील चाकांचें कडें काढून धुवावें. चिकटलेला कण निघतांच आवाज जातो. त्याची मंद गुणगुण मात्र स्वाभाविक आहे: आपल्याकडील वीज सेकंदास 50 आवर्तनांची, व त्यामुळें ट्रान्सफॉर्मर 100 वेळां थरथरतो. ती एकाएकीं वाढली व अन्न तापेनासें झालें, तर कारागिरास दाखवावें. त्याचें वेष्टण घरीं कोणीही उघडूं नये. प्लग काढल्यावरही आंतील कपॅसिटरमध्यें प्राणघातक विद्युत्‌भार राहूं शकतो.

तिसऱ्या वर्गांत विलंब चालत नाहीं. ठिणगीसह तडतड, प्लगपाशीं चरचर किंवा जळका वास आला कीं मुख्य खटका प्रथम बंद करावा. मायक्रोवेव्हमध्यें तडतड झाली तर जरीकांठाचें भांडें किंवा आंतील अभ्रकाच्या पत्र्यावर उडालेलें अन्न हें कारण असतें. यंत्र थांबवून निवल्यावर पाहावें. गॅसच्या ओव्हनमध्यें पेटवितांना ‘भप्प’ झालें, तर ज्योत लागण्यापूर्वींच गॅस सांचला असें समजावें. बर्नरचीं छिद्रें बुजलेलीं असूं शकतात. दुरुस्ती होईपर्यंत तो वापरूं नये. फुसफुस व गॅसचा वास दोन्ही असतील, तर विजेचें कोणतेंही बटण चालू वा बंद न करतां रेग्युलेटर बंद करावा, दारें-खिडक्या उघडाव्या, सर्वांनीं बाहेर जावें व तेथून 1906 या क्रमांकास कळवावें. हा गॅस हवेहून जड असल्यानें जमिनीलगत पसरतो; म्हणून रांगतीं मुलें प्रथम उचलावीं.

धोक्याची खूण नसेल, तर रिकामा ओव्हन दहा मिनिटें चालवून तीन प्रश्नांचीं उत्तरें टिपून ठेवावीं: आवाज कोठून येतो, तापतांना येतो कीं निवतांना, व सोबत वास आहे काय? एवढी टिपणी हातीं असली कीं कारागिराचा वेळ व आपला पैसा दोन्ही वांचतात.

एकत्र कुटुंबांत ओव्हन अनेक हात चालवितात. म्हणून आवाज एकीनें ऐकला तर तो सर्वांस सांगावा. आमच्या घरीं आतां वहिनींनीं “जरा गप्प बसा पाहूं!” म्हटलें, कीं मुलेंसुद्धां कान टवकारतात.